अकरा पाट आणि एक ठराव

दर शनिवारी चारच्या ठोक्याला मी अकरा पाट मांडायचे. ओटीवर भिंतीशी सहा, समोर पाच, एकेक पाट ओल्या फडक्यानं पुसून. बसणारी माणसं दोन. एक अध्यक्ष आणि एक मी. माझ्याजवळ पोरगी असायची, पण तिला सभेत धरत नव्हते. बाकी नऊ पाटांवरची माणसं वारलेली. पहिल्या दिवशी मी विचारलं, मग नऊ पाट कशाला मांडू, तर अध्यक्ष म्हणाले, "पाट उचलला म्हणजे माणूस गेला. पाट मांडलेला आहे तोवर तो रजेवर आहे." आणि वहीत तसंच लिहायला लावलं. हजर दोन, रजेवर नऊ.

अध्यक्ष म्हणजे आमचे घरमालक. रत्नागिरीत मोठ्या सरकारी दवाखान्याच्या मागच्या गल्लीत त्यांचं चिऱ्याचं घर, पुढं ओटी, मागं दोन नारळी आणि एक हापूस, जो कधी धरायचा नाय. त्यांना नावानं कोणी हाक मारत नसे. दूधवाला, रिक्षावाला, समोरची शिकवणीवाली बाई, सगळी अध्यक्ष म्हणायची, कोणी हसून आणि कोणी न हसता, आणि त्यांना दोन्ही सारखंच. वय ऐंशीच्या पुढं. धोतर, कोट, काळी टोपी, आणि पाऊस असो नसो काखेत छत्री. डोळ्यांत मोतीबिंदू पिकलेला, पण काढू देत नसत. "आहे त्या डोळ्यांनी आहे ते दिसतं," म्हणायचे, "नवे डोळे घालून नवीन काय बघायचंय?"

त्यांचा पक्ष त्यांच्या वडलांनी काढलेला, ह्याच ओटीवर, इंग्रज असताना. दोन खोत, एक वकील, एक देवळाचा पंच, एक तुपाचा व्यापारी आणि अशीच आणखी माणसं. पक्षाची निशाणी पाट. घोषणा 'घाई नको'. अध्यक्ष सांगायचे की मतदारांनी ती घोषणा इतकी मनावर घेतली की मतदानाला कोणी घाई करून आलंच नाय. हे सांगताना हसायचे नायत. मी पण मग हसायची नाय. खोली जाईल ह्या भीतीनं मी त्या घरात सहा महिने कितीतरी वेळा हसू गिळलं.

खोली गेली असती तर माझ्या पोरीचे पाय गेले असते, म्हणून.

ती जन्मली तेव्हा दोन्ही पावलं आतल्या अंगाला वळलेली, तळवे एकमेकांना बघतायत अशी. सासू म्हणाली, "पोटुशी असताना गिराणात भाजी चिरलीस गो तू, मी बघितलंय." मी चिरली होती की नाय मला आठवत पण नाय. आमचं गाव खेडच्या आतल्या अंगाला, एसटी येते तिथवर यायलाच पाऊण तास चालायचं. नवरा मुंबईला कॅटररकडे, आठ जणात एका खोलीत झोपतो, तिथं बाईमाणूस नेणार कुठं. रत्नागिरीच्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या, पाय सरळ होतात, नक्की होतात, पण दर मंगळवारी प्लास्टर बदलायला आलंच पाहिजे, एक पण चुकवायचा नाय, आणि त्यानंतर बूट. मी म्हटलं येते. म्हणताना मला माहीत होतं की खेडहून दर मंगळवारी तान्ह्या पोरीला घेऊन माझ्यानं व्हायचं नाय. दवाखान्यातल्या आयाबाईनं मागच्या गल्लीत खोली दाखवली. म्हणाली, "म्हातारा तऱ्हेवाईक आहे, पण वाईट नाय. तो विचारेल त्याला हो म्हण."

त्यांनी विचारलं, "लिहिता येतं?"

मी म्हटलं, "आठवी पास."

"शनिवारी चारला मोकळी असतेस?"

मी हो म्हटलं. मला वाटलं देवाची आरती वगैरे असेल. आणि अशी मी पक्षाची चिटणीस झाले.

त्याचं असं झालं होतं की सभा भरायला कमीत कमी माणसं लागतात. पहिल्यांदा अकरा लागायची. माणसं वारत गेली तसा आकडा खाली आणत गेले, सात, पाच, तीन, मग दोन. अध्यक्ष इतिहासात अभिमानानं लिहून घ्यायचे की ह्या पक्षानं आपल्या घटनेत दुसरा एकही बदल केलेला नाय. दुसरं माणूस म्हणजे एक बहिरे पोस्टमास्तर होते, ते त्या वर्षी गौरी-गणपतीत गेले. तेव्हापासून सभा भरत नव्हती आणि अध्यक्षांना जेवण जात नव्हतं, असं शिकवणीवाल्या बाईनं मला सांगितलं. आता गोची अशी की घटनेत लिहिलेलं, बायकांना सभासद करून घेऊ नये. मी ते वाचून दाखवलं आणि मनात म्हटलं, गेली खोली. अध्यक्ष थोडा वेळ पाटावर बोटं वाजवत बसले. मग म्हणाले, "सभासद करू नये म्हटलंय. चिटणीस करू नये असं कुठे म्हटलंय? वाच परत."

मी परत वाचलं. खरंच नव्हतं म्हटलेलं.

"आमच्या वडिलांना हे सुचलंच नसणार," ते म्हणाले. "जे सुचलं नाही, ते त्यांनी निषिद्ध कसं केलं असेल?"

तेव्हापासून ते मला नावानं हाक मारायचे नायत. अगो चिटणीस. सकाळी नळाला पाणी आलं तरी, अगो चिटणीस, पाणी आलं.

सभेत हात वर करायचा नाय हा एक नियम. हात वर करणं म्हणजे गिरणीच्या गेटावरचं काम, म्हणायचे. त्यांच्या पक्षात ठराव मान्य असला की पाटाला थाप मारायची. एकानं ठराव मांडायचा, दुसऱ्यानं थाप मारून अनुमोदन द्यायचं, थाप नाय पडली तर ठराव पडला. ते मांडायचे, मी थाप मारायची. अशा रीतीनं आम्ही पुष्कळ ठराव केले. गल्लीत नवे दिवे लावले ते फार पांढरे आहेत म्हणून निषेध. समोरच्या घरात मिक्सर चालतो त्याचा निषेध. नऊच्या नऊ रजेवरच्या लोकांचे पुण्यतिथीला दुखवटे, 'प्रकृती लवकर सुधारो' असं शेवटी लिहून, कारण ते रजेवर होते.

ठराव झाले की इतिहास. अध्यक्ष पक्षाचा इतिहास सांगायचे आणि मी लिहायची, त्यांचा हात कापायचा आणि डोळे गेलेले. पहिल्याच दिवशी मला ताकीद दिली, "मी बोलेन ते सगळं लिहायचं. एक शब्द गाळायचा नाही, एक शब्द पदरचा घालायचा नाही." मी तसंच केलं. मला दुसरं काय कळतंय.

इतिहास म्हणजे पक्ष कशाकशाच्या आड आला त्याची गोष्ट. मुलींना बापाच्या इस्टेटीत वाटा द्यायच्या आड. खाडीवर पूल बांधायच्या आड, कारण पलीकडं न्यायला होडी होती आणि ती चांगली होती. पूल झाला तेव्हा पक्षानं पलीकडच्या गावी निषेधसभा घेतली, आणि होडी तोवर बंद पडलेली म्हणून सभेला सगळे पुलावरून गेले. रेल्वेच्या आड, कारण रेल्वे आली की माणसं जातील. "आणि गेली की नाही?" अध्यक्ष विचारायचे. मी म्हणायची, गेली. माझा नवरा त्याच रेल्वेनं गेला होता. निवडणूक पक्षानं एकदाच जिंकली, तालुक्याची, एक जागा. तो निवडून आलेला गृहस्थ दुसऱ्या दिवशी सकाळी सरकारातल्या पक्षात गेला. ती एक रात्र अध्यक्षांनी तीन शनिवार सांगितली. पेढे कुठले आणले, कोणी कोणाला मिठी मारली, वकिलांची टोपी कशी विहिरीत पडली. त्या प्रकरणाला नाव दिलं, सुवर्णकाळ.

कूळकायद्याचं प्रकरण आलं तेव्हा मी घाबरले. ते सांगत होते, पक्षानं कसा विरोध केला, कुळांना जमिनी दिल्या तर जमिनी ओस पडतील असं वडलांनी भाषणात कसं सांगितलं. माझा हात थांबला. ते डोळ्यांनी बघत नव्हते पण पेनचा आवाज ऐकायचे.

"का गो, थांबलीस का?"

मी म्हटलं, "माझा आजा कूळ होता. आम्हाला जमीन त्यातच मिळाली."

मला वाटलं आता सांगतात सामान उचल. त्यांनी विचारलं, "कसतात का अजून?"

"नाय. सगळे मुंबईला. रान माजलंय. थोडे काजू आहेत."

त्यांचं तोंड एकदम उजळलं. "लिही! वडिलांचं भाकीत खरं ठरलं. लिही!" मी लिहायला लागले. मग ते थांबले. बाहेर हापूसाकडं तोंड करून बसले, न धरणाऱ्या. "आमच्याकडे राहिली तीही ओसच आहे," म्हणाले. "नको. लिहू नको ते."

पण तोवर माझं दोन्ही लिहून झालं होतं. 'लिहू नको ते' हे पण लिहून झालं होतं. खोडायचं तर त्यांनी सांगितलं नव्हतं.

प्लास्टरचं त्यांना फार कौतुक. पहिल्या मंगळवारी मी रडतच आले, पोरीचे दोन्ही पाय मांडीपर्यंत पांढरे, लाकडासारखे, आणि ती किंचाळत. अध्यक्षांनी विचारलं, "काय करतात नक्की?" मी सांगितलं, पाऊल हातानं थोडंसं वळवतात, जेवढं वळेल तेवढंच, आणि प्लास्टर घालतात. पुढच्या मंगळवारी आणखी थोडंसं.

"एकदम सरळ नाही करत?"

"नाय. एकदम केलं तर मोडेल म्हणाल्या."

ते पाटावरून उठलेच. म्हणाले, "अगो, हा आमचा पक्ष! आठवड्याला थोडं थोडं! घाई नको!" आणि प्लास्टरवर बोटाच्या पेरानं टकटक केलं, जसं नारळ वाजवून बघतात. पोरगी रडायची थांबली. तेव्हापासून दर मंगळवारी दारात उभे. "किती सरकलं?" मी बोटानं दाखवायची, त्यांना दिसायचं नाय, मग त्यांचा हात धरून त्यांच्याच बोटांत तेवढं अंतर करून दाखवायची. इतिहासात पण सांगितलं, 'पक्षाच्या विचारसरणीचा वैद्यकशास्त्राने स्वीकार केला.' मी लिहिलं.

मग एक दिवस माझं लिखाण उघडं पडलं.

आताच्या एका मोठ्या पक्षाची चार पोरं आली, पांढरे शर्ट, कपाळाला टिळे, हातात शाल-नारळ. अध्यक्षांच्या पाया पडली. म्हणाली, आमची मुळं तुमच्यात आहेत आजोबा, तुमचा इतिहास आम्ही पुस्तक करून छापतो. अध्यक्षांनी टोपी सारखी केली. "चिटणीस, वह्या आण." मी आणल्या. एकानं मोबाइल धरून व्हिडिओ चालू केला आणि दुसरा उभा राहून मोठ्यानं वाचायला लागला.

"पक्षाची स्थापना आमच्या वडिलांनी याच ओटीवर केली. थांब, खोकला येतोय. आला. गेला. कुठे होतो? हां, ओटीवर. अगो, दूध उतू चाललंय, वास येतोय मला, बघ आधी. सदर प्रसंगी खोतांनी आवेशपूर्ण भाषण केले ते कोणाला ऐकू आले नाही. पोरगी का रडते? भूक लागली असेल, घे तिला, इतिहास कुठे पळत नाही."

व्हिडिओवाल्याचा हात हलायला लागला. तो हसत होता. वाचणारा थांबला, पानं उलटली, पुढं पण तसंच, मागं पण तसंच. मी खांबाआड उभी होते पोरीला घट्ट धरून. डोक्यात एकच, अजून तीन मंगळवार आहेत, अजून तीन.

"हे कुणी लिहिलंय आजोबा?" एकानं विचारलं. "हे काय छापायचं?"

"चिटणीस," अध्यक्ष म्हणाले, "हे मी बोललो?"

"बोललात. तुम्ही म्हणालात एक शब्द गाळायचा नाय."

"पदरचं घातलंस काही?"

"नाय."

ते त्या पोरांकडं वळले. "मग चूक काय आहे त्यात?"

पोरांतला एक म्हणाला, जरा दुरुस्त करून घेऊ आम्ही. अध्यक्ष म्हणाले, "दुरुस्तीच्या विरोधातच पक्ष काढलाय." शाल त्यांनी परत केली. नारळ ठेवून घेतला, म्हणाले आमटीला वाटप कर. पोरं गेल्यावर मी वह्या उचलायला गेले तर म्हणाले, "वकिलांच्या टोपीचं आहे ना त्यात? विहिरीत पडली ते?" मी म्हटलं आहे. "मग झालं."

पुढच्या मंगळवारी डॉक्टरीणबाई म्हणाल्या, पाय छान वळलेत, आता टाचेमागची शीर आखूड आहे तेवढी राहिली. तिला बारीकशी चीर द्यायची, पुढच्या मंगळवारी. टाका पण लागत नाय. नाय केलं तर टाच खाली टेकणार नाय. आईची सही चालते.

मी घरी येऊन सांगितलं. अध्यक्ष दारात उभे होतेच, दोन बोटं पुढं करून, किती सरकलं म्हणून. त्यांनी बोटं मिटली.

"कापायचं?"

"बारीकशी चीर म्हणाल्या."

"बारीक काय आणि मोठी काय. कापणं म्हणजे कापणं. आम्ही जन्मभर हेच सांगत आलो, माणसाला धीर धरवत नाही आणि शेवटी सुरी काढतात." छत्रीचं टोक जमिनीवर आपटलं. "माझ्या घरात राहून हे व्हायचं नाही. करायचं असेल तर दुसरीकडे खोली बघ."

मी सासूला फोन लावला. "पोरीच्या पायाला सुरी लावू नको," सासू म्हणाली, "मी गाऱ्हाणं घातलंय देवीला." नवऱ्याला लावला. मागं भांड्यांचा आवाज. म्हणाला, "तू बघ, तू तिथं आहेस, मला काय कळतंय." सगळी मला सांगत होती आणि सही मीच करायची होती. मी आजवर सही कुठं केली होती, शाळेचा दाखला घेताना आणि लग्नाच्या कागदावर. आणि त्या पक्षाच्या वहीत, दर शनिवारी, अध्यक्षांच्या सहीच्या खाली. चार दिवस मी गल्लीत खोल्या विचारत फिरले, तान्हं मूल बघितलं की दार लोटायचे.

शनिवार आला. मी अकरा पाट पुसले, मांडले. मला जेवण गेलं नव्हतं. पोरीला चटईवर निजवली, पोस्टमास्तरांच्या पाटापासून हातभर लांब. ती पाय हवेत घ्यायची आणि धप्पकन खाली आपटायची, जड पाय, तिला तोच खेळ.

अध्यक्ष बसले. "आजचा ठराव," म्हणून सुरुवात केली.

मी म्हटलं, "मला मांडायचाय."

त्या ओटीवर अध्यक्षांखेरीज कोणी ठराव मांडून किती वर्षं झाली असतील. एवढ्या सभा लिहून लिहून मला भाषा पाठ झाली होती. मी कागदावर लिहून आणलं होतं ते वाचलं. "ही सभा असा ठराव करते की चिटणिसांच्या मुलीच्या टाचेच्या शिरेस मंगळवारी चीर देण्यास पक्षाची हरकत नाही. ही चीर आजवरच्या सात प्लास्टरच्या कामाला धरूनच असून नवीन काही नाही."

शेवटचं वाक्य मी घातलं होतं. पदरचं. ठराव माझा होता म्हणून.

"सूचक?"

"चिटणीस."

"अनुमोदक?"

आता अनुमोदन कोण देणार. ओटीवर माणसं दोन. एक मी, आणि एक ते. मी त्यांच्याकडं बघत बसले. त्यांचे हात मांडीवर, पाटापासून लांब. घड्याळ वाजत होतं आतलं. मला रडू यायला लागलं, आवाज न करता, कारण रडले तरी वहीत लिहावं लागलं असतं असं मला त्या घटकेला वाटलं. इतकी मी त्यांच्यातली झाले होते.

"अनुमोदक आहे का कोणी?" त्यांनी परत विचारलं. नऊ पाटांकडं तोंड फिरवून, एकेकाकडं, जसं काय माणसं बसलीयत.

तेवढ्यात ठप्प आवाज झाला. लाकडावर. चांगला जोरात.

पोरीनं पाय आपटला होता, आणि तो पोस्टमास्तरांच्या पाटावर पडला होता.

"थाप पडली," अध्यक्ष म्हणाले.

मी म्हटलं, "ती पोरीनं..."

"थाप पाटावर पडली की नाही?"

"पडली."

"थाप मारणाऱ्याचं वय घटनेत कुठे लिहिलंय? वाच."

मी घटना उघडली पण मला अक्षरं दिसत नव्हती. "नाय लिहिलेलं," म्हटलं.

"आता विरोध. विरोध असेल त्याने बोलावं." आणि ते थांबले. ते स्वतःच विरोधात होते, मला माहीत, पोरीला सोडून सगळ्यांना माहीत. खाली बघत थांबले आणि बोलले नायत. "विरोधात कोणी बोललं नाही. ठराव मंजूर. लिही."

मी लिहिलं.

मंगळवारी ते दवाखान्यात आले. कोट घालून, टोपी घालून, छत्री घेऊन. मी म्हटलं, तुम्ही कशाला, तर म्हणाले, ठरावाची अंमलबजावणी बघायला. बाकावर ताठ बसले होते. मी सही केली. आत पोरगी एकदाच ओरडली आणि बाहेर त्यांच्या हातातली छत्री पडली असं आयाबाईनं मला नंतर सांगितलं.

आणि खरं काम तर पुढंच. चीर भरल्यावर बूट आले, दोन बुटांच्या मधे दांडी, पाय बाहेरच्या अंगाला वळवून धरणारे. तेवीस तास घालायचे, एक तास आंघोळीला सुटे. तीन महिने. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, इथंच आया हरतात, मूल रडतं, आई बूट काढते, पाय परत वळतात. मी पण हरले असते. दुसऱ्याच दिवशी ती रडून रडून निळी व्हायला आली आणि मी बक्कल सोडायला लागले.

"चिटणीस." दारात उभे. बक्कलाचा आवाज ऐकला त्यांनी. "किती वाजले?"

"अकरा."

"तास कधीचा?"

"सकाळचा. होऊन गेला."

"मग घाल."

"ती रडते हो!"

"रडू दे. नियम म्हणजे नियम."

मी त्यांना मनातल्या मनात काय काय शिव्या घातल्या. मेला म्हातारा, दगड, असलं. तीन महिने ते दिवसात दहा वेळा येऊन बुटाला हात लावून बघायचे, बक्कल लागलंय का. जे माणूस जन्मभर कशाला हलू द्यायचं नाय म्हणून बसलं होतं, त्याला अखेर एक काम मिळालं होतं जे खरंच हलू द्यायचं नव्हतं. आणि तेवढ्या कामात ते पक्के होते, माझ्यापेक्षा कितीतरी पक्के.

नंतर बूट नुसते झोपताना घालायचे झाले आणि मी गावी आले. तपासायला रत्नागिरीला गेले की त्यांच्याकडं जायची. शेवटची गेले तेव्हा पोरगी चालत होती, दोन्ही टाचा टेकून. त्यांना दिसलं नाय. त्यांनी तिला ओटीवर चालायला लावलं आणि कान देऊन ऐकलं, इकडून तिकडं, तिकडून इकडं. "टाच वाजते," म्हणाले.

ह्या वर्षी ते गेले. मुंबईचा पुतण्या घर विकायला आला, त्याचा फोन आला. वहीवर चिटणीस म्हणून माझं नाव होतं आणि फोन नंबर. म्हणाला, ह्या वह्यांचं काय करू, रद्दीत टाकू का? मी म्हटलं थांबा, मी येते. पुढच्या एसटीनं गेले. त्या पांढऱ्या शर्टवाल्या पोरांनी घराबाहेर बोर्ड लावला होता श्रद्धांजलीचा, वह्या त्यांना नको होत्या. मी वह्या घेतल्या. पाट ओटीच्या कोपऱ्यात एकावर एक रचून ठेवलेले, अकराच्या अकरा उचललेले. त्यातला एक मागून घेतला, पोस्टमास्तरांचा. पुतण्या म्हणाला, न्या की, जळणालाच जातील.

आता पोरगी त्याच पाटावर बसून जेवते, जेवता जेवता पळते, मी ओरडते. आणि मी दुपारी कधी वह्या काढून वाचते. खोकला आहे, दूध आहे, टोपी आहे, हापूस आहे. माणूस आख्खा आहे त्यात, जसाच्या तसा, कारण मी काही गाळलं नाय.

एकच गोष्ट नाय. ती बोललेली नव्हती, आणि मी फक्त बोललेलं लिहायची.

पोरीला मी निजवली होती पाटापासून हातभर लांब. तिचा पाय तिथवर पोचत नव्हता. अध्यक्ष नऊ पाटांकडं तोंड फिरवून अनुमोदक आहे का कोणी विचारत होते, तेव्हा धोतराखालून त्यांचा पाय पुढं आला होता. मी बघितलं होतं. इतके दिवस कोणाला सांगितलं नाय, त्यांना पण नाय.

त्या सभेच्या पानावर खाली दोन ओळींची जागा आहे. काल पोरीची पेन्सिल घेतली आणि तिथं लिहिलं. अध्यक्षांनी पाट पुढे सरकवला.